बेशुद्ध माणसाला पाणी पाजू नका, आधी छाती बघा! पहिल्या काही मिनिटांत काय करायचं?

भंडाऱ्याहून गोंदियाला निघालेली शिवशाही बस २९ नोव्हेंबर २०२४ रोजी सडक अर्जुनी तालुक्यात उलटली. ११ प्रवाशांचा जीव गेला, अनेक जखमी झाले. मुंबई-कोलकाता महामार्गही याच तालुक्यातून जातो. अशा रस्त्यांवर रुग्णवाहिकेच्या आधी पोहोचतो तो मागून येणारा दुचाकीस्वार किंवा शेजारच्या शेतातला माणूस. त्याच्या हातात औषध नसतं, पण श्वास वाचवणं असतं.

आधी काय तपासायचं?

वाहनांची ये-जा, तुटलेली वीजतार बघा, मगच जवळ जा. दोन्ही खांदे थोपटून मोठ्याने हाक मारा. उत्तर नाही? १०८ लावा आणि फोन स्पीकरवर ठेवा. 'कोहमाऱ्याच्या अलीकडे' एवढं पुरत नाही. जवळचं गाव, किलोमीटरचा दगड, पूल सांगा.

आता छातीकडे बघा. वर-खाली होतेय का? नाकाशी गाल नेऊन ऐका. यासाठी १० सेकंदांपेक्षा जास्त वेळ नको. नाडी शोधत बसू नका, घाबरलेल्या हाताला ती नीट लागत नाही. मधूनच एखादा आचका, तोंड उघडून घरघर, हा श्वास नव्हे. इथेच बहुतेकांची फसगत होते: 'श्वास चालू आहे' म्हणत सगळे थांबतात आणि हृदय बंद पडलेलं असतं.

श्वास नसेल तर?

छातीच्या मधोमध दोन्ही तळहात एकावर एक ठेवून दाबा. किमान ५ सेंटीमीटर खोल, मिनिटाला १०० ते १२० वेळा. प्रत्येक दाबानंतर छाती पूर्ण वर येऊ द्या. दोन मिनिटांत हात भरून येतात, तेव्हा दुसऱ्याने जागा घ्यायची.

श्वास आहे, पण शुद्ध नाही?

उताण्या माणसाची जीभ मागे पडून श्वासाची वाट अडते. घोरल्यासारखा आवाज ही त्याचीच खूण. त्याला कुशीवर वळवा. उलटी, रक्त बाहेर पडेल. अपघातात मानेला इजा असू शकते, म्हणून डोकं, मान, कंबर एका रेषेत ठेवून दोघा-तिघांनी मिळून वळवा.

पाणी, चहा, साखर काहीच तोंडात घालू नका, ते फुप्फुसात जातं. फिट आलेल्याला कांदा, चप्पल हुंगवण्याने काही होत नाही. आणि सर्वात धोक्याची गोष्ट म्हणजे दोघांच्या मध्ये दुचाकीवर बसवून नेणं. मान पुढे कलंडते आणि वाटेतच श्वास कोंडतो.

अपघात नाही, पण पहाटे माणूस उठतच नाही?

धानपट्ट्यात हे विशेष लक्षात ठेवा. मण्यार रात्री जमिनीवर झोपलेल्याला चावते. वेदना फारशी नसते, खूणही नीट दिसत नाही. पहाटे पोटात दुखतं, पापण्या मिटू लागतात, बोलणं जड होतं. पुढे माणूस निपचित पडतो, पण त्याला तुमचं बोलणं ऐकू येत असू शकतं. विषाने स्नायू लुळे पडलेले असतात, श्वासाचेही. मांत्रिकाकडे गेलेला प्रत्येक तास इथे महाग पडतो. सर्पविषावरची लस आणि कृत्रिम श्वास मिळाला, तर असा रुग्ण पूर्ण बरा होऊ शकतो.

पोलिसांचं लफडं मागे लागेल का?

मोटार वाहन कायद्यात २०१९ च्या दुरुस्तीने कलम १३४ अ आलं. अपघातग्रस्ताला चांगल्या हेतूने मदत करणाऱ्यावर त्यातून दिवाणी किंवा फौजदारी जबाबदारी येत नाही. नाव-पत्ता सांगण्याची सक्तीही करता येत नाही. रुग्णवाहिका आली की डॉक्टरांना मात्र हे सांगून जा: किती वाजता सापडला, तेव्हा श्वास होता का, छाती किती वेळ दाबली.