आकाशात उडणारं गाणं

मैत्रिणींनो, ‘व्होलारे’ हे गाणं तुमच्यापैकी काहीजणींनी तरी ऐकलं असेल. व्होलारे म्हणजे इटालियन भाषेत उडणं. एक शब्द कळला नाही तरी पाय ठेका धरतात की नाही? त्याची चाल बांधणाऱ्या आणि ते प्रथम गाणाऱ्या दोमेनिको मोदुन्योची ही ओळख.

दक्षिण इटलीतलं पोलिन्यानो आ मारे हे समुद्रकाठचं गाव. तिथे 1928 साली त्याचा जन्म झाला. वडील नगरपालिकेच्या पोलिसांत. गिटार त्यांनीच शिकवली. पुढे रोमला तो नटाचं शिक्षण घ्यायला गेला. फ्रांका गांदोल्फी ही अभिनेत्री त्याला तिथेच भेटली आणि 1955 साली दोघांचं लग्न झालं. सुरुवातीची त्याची गाणी बोलीभाषेतली, कोळ्यांची, खाणकामगारांची. एका गाण्यात जाळ्यात सापडलेल्या मादीला सोडून न जाणारा मासा आहे. ऐकताना डोळे पाणावतात, बरं का!

मग 1958 साल उजाडलं. सान रेमोच्या गीतस्पर्धेत त्याने ‘व्होलारे’ गायलं. शब्द फ्रांको मिल्याची आणि त्याचे मिळून, चाल त्याची. अंगाला निळा रंग फासून आभाळात उडण्याचं ते स्वप्न! गाता गाता त्याने दोन्ही हात पंखांसारखे पसरले आणि सभागृह जिंकलं. त्याच वर्षी हे परभाषेतलं गाणं अमेरिकेच्या यादीत पाच आठवडे पहिलं होतं. 1959 साली ग्रॅमी पुरस्कार सुरू झाले, तेव्हा त्यातले दोन मानाचे पुरस्कार याच गाण्याला मिळाले. सान रेमो तर त्याने एकूण चार वेळा जिंकलं.

पण खरी कसोटी पुढेच होती. 1984 साली त्याला पक्षाघाताचा झटका आला. अर्धं अंग लुळं पडलं, बोलणंही अडखळू लागलं. ज्याची ओळखच पसरलेले हात, त्याच्यावर ही वेळ! घरी बसून दिवस काढले असते तरी कुणी नाव ठेवलं नसतं. पण 1987 साली तो निवडून येऊन संसदेत गेला आणि अपंगांची बाजू मांडू लागला. सिसिलीतल्या अग्रिजेंतोच्या मनोरुग्णालयात रुग्णांचे अतोनात हाल चालले होते. त्यांच्यासाठी त्याने आवाज उठवला. 1989 साली त्याच रुग्णांसाठी तो पुन्हा लोकांपुढे गायला उभा राहिला. आवाज पूर्वीचा नव्हता, पण गाणं तेच होतं.

1994 साली लाम्पेदूसा बेटावर, समुद्राकाठच्या घरी त्याने डोळे मिटले. जन्मगावी 2009 साली त्याचा पुतळा उभारला, अर्थातच हात पसरलेला.

आपल्याही घराघरांत अंथरुणाला खिळलेली माणसं असतात. त्यांचं औषधपाणी आपण वेळच्या वेळी करतो. पण “तुम्हाला काय करावंसं वाटतं?” असं त्यांना कितीदा विचारतो? आज विचारून तर पाहा.