गिधाडांचा हिशेब

वसुबारसेच्या संध्याकाळी मराठवाड्यात गाय-वासराला ओवाळतात. पोळ्याला बैलांच्या शिंगांना बेगड लागते, अंगावर झूल चढते. जनावराच्या जिवंतपणीचे असे सण आपल्याकडे पुष्कळ आहेत. ते मेल्यावर त्याचे काय होते, हा प्रश्न मात्र आपण सहसा विचारत नाही. हिंगोली, कळमनुरी, सेनगाव, औंढा नागनाथ, वसमत या पाच तालुक्यांच्या जिल्ह्यात शेती आणि गुरेढोरे यांचा संसार एकच आहे. देवणी किंवा लाल कंधारी बैल मेला की गोठ्यात कित्येक क्विंटलांचे धूड पडते, आणि ते उन्हात तासागणिक सडू लागते. त्याची विल्हेवाट लावण्याचा खर्च कोणी करायचा? शतकानुशतके या प्रश्नाचे उत्तर गावाबाहेरच्या माळावर होते, आणि ते फुकट होते.

‘फुकट’ हा शब्द जपून वापरायला हवा. गोठ्यातून माळापर्यंत ढोर ओढत नेण्याचे काम गावगाड्याने महारांवर लादले होते. त्या श्रमाची किंमत अपमानाने चुकवली जाई. १९२७च्या महाड परिषदेत आणि पुढेही डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी मृत मांस आणि ही लादलेली कामे सोडण्याचे आवाहन केले. हे काम नाकारले गेले, ते न्यायाचेच झाले. व्यवस्थेचा दुसरा भाग गिधाडांकडे होता. गिधाडांचा थवा मोठ्या जनावराचा फडशा तासाभरात पाडतो. त्यांच्या जठरातले आम्ल इतके तीव्र असते की कुजलेल्या मांसातले अनेक रोगजंतू तिथेच संपतात. मागे उरलेली स्वच्छ हाडे गोळा करून विकणाऱ्यांचाही त्यावर उदरनिर्वाह चाले. मराठीने मात्र या पक्ष्याला लोभीपणाची उपमा करून ठेवले. जटायूचे स्मरण करायचे आणि माणसाला नावे ठेवताना गिधाड म्हणायचे, असा आपला दुहेरी व्यवहार आहे.

१९९० नंतर ही गिधाडे नाहीशी होऊ लागली. विभू प्रकाश यांनी भरतपूरच्या केवलादेव राष्ट्रीय उद्यानात ही घट नोंदवली. १९९२ ते २००७ या काळात भारतातल्या पांढऱ्या पाठीच्या गिधाडांची संख्या ९९.९ टक्क्यांनी घटली. लांब चोचीच्या आणि निमुळत्या चोचीच्या गिधाडांची घट सुमारे ९७ टक्के होती. १ मे १९९९ रोजी परभणीतून हिंगोली जिल्हा वेगळा झाला, तोवर देशभरात हा ऱ्हास बराच पुढे गेला होता.

कारण सापडले २००४ साली. पाकिस्तानातल्या मृत गिधाडांचा अभ्यास करणाऱ्या लिंडसे ओक्स आणि सहकाऱ्यांनी डायक्लोफेनॅक या वेदनाशामक औषधाकडे बोट दाखवले. औषध टोचलेले जनावर लवकरच मेले आणि गिधाडांनी ते खाल्ले, की त्यांची मूत्रपिंडे निकामी होतात, शरीरात युरिक आम्ल साठते आणि काही दिवसांत पक्षी मरतो. एका मृत जनावरावर डझनावारी गिधाडे उतरतात. त्यामुळे शंभरांतल्या एकाहूनही कमी मृत जनावरांत हे औषध असले, तरी एवढा ऱ्हास घडू शकतो, असे गणिताने दाखवले.

यात खलनायक शोधू गेल्यास सापडत नाही. १९९४च्या सुमारास हे औषध स्वस्त झाले आणि जनावरांसाठी सर्रास वापरात आले. पेरणीच्या तोंडावर बैल लंगडला तर कोरडवाहू शेतकऱ्याचा हंगाम हातचा जातो. अशा वेळी थोडक्या रुपयांची सुई टोचून बैल दुसऱ्या दिवशी उभा राहत असेल, तर ती टोचणे शहाणपणाचेच होते. प्रत्येकाचा हिशेब आपापल्या गोठ्यापुरता बरोबर होता. सगळ्यांचा मिळून तो चुकला. अर्थशास्त्रात याला बाह्य परिणाम म्हणतात. सुईच्या किमतीत औषध होते, कारखान्याचा आणि दुकानदाराचा नफा होता, पण गिधाडाची किंमत नव्हती. गिधाड कोणाच्या मालकीचे नसल्यामुळे ती मागायलाही कोणी आले नाही.

ते बिल पुढे माणसांच्या नावे निघाले. माळावर पडून राहिलेल्या मांसावर भटकी कुत्री पोसली गेली. २००८ साली अनिल मार्कंड्य आणि सहकाऱ्यांनी अंदाज मांडला, की १९९२ ते २००६ या काळात गिधाडांच्या अभावी देशात किमान ५५ लाख कुत्री वाढली आणि रेबीजने सत्तेचाळीस हजारांवर माणसे अधिक मेली. रेबीजची लक्षणे दिसू लागल्यावर रोगी जवळजवळ कधीच वाचत नाही. त्यामुळे लस मिळणाऱ्या दवाखान्यापासून जो जितका दूर, तितका त्याचा वाटा मोठा.

२०२४ साली एयाल फ्रँक आणि अनंत सुदर्शन यांचा अभ्यास आला. जिथे पूर्वी गिधाडांना पोषक अधिवास होता ते जिल्हे आणि जिथे तो नव्हता ते जिल्हे, अशी तुलना त्यांनी केली. औषध स्वस्त झाल्यानंतर पहिल्या गटातला माणसांचा एकूण मृत्युदर चार टक्क्यांहून अधिक वाढलेला दिसला. २००० ते २००५ या काळातले असे जादा मृत्यू सुमारे पाच लाख, आणि त्यांचे पैशांतले नुकसान वर्षाला ६९.४ अब्ज डॉलर. कारणांत रेबीजबरोबर कुजलेल्या मांसाने दूषित होणारे पाणीही येते. ही तुलनेतून काढलेली अनुमाने आहेत. एकेका मृत्यूच्या दाखल्यावर गिधाडाचे नाव लिहिलेले नसते. पण आकडा निम्मा धरला, तरी जनावरांसाठी दुसरे औषध वापरण्याचा खर्च त्यापुढे नगण्य ठरतो.

असे औषध होतेही. मेलॉक्सिकॅम गिधाडांना घातक नाही हे २००६ साली सिद्ध झाले. त्याच वर्षी भारताने डायक्लोफेनॅकच्या पशुवैद्यकीय वापरावर बंदी आणली. माणसांसाठीच्या मोठ्या कुप्या गोठ्यात पोहोचत राहिल्या, म्हणून २०१५ साली कुपीचा आकार तीन मिलिलिटरपर्यंत मर्यादित करावा लागला. २०२३ साली किटोप्रोफेन आणि अॅसिक्लोफेनॅक यांच्या पशुवैद्यकीय वापरावरही बंदी आली. नुकसान थांबवणे असे वर्षानुवर्षे चालते, आणि भरून काढणे त्याहून सावकाश. गिधाडाची मादी वर्षाला एकच अंडे घालते आणि पिल्लू प्रौढ व्हायला चार-सहा वर्षे जातात. हरियाणातल्या पिंजोरच्या केंद्रात त्यांची पैदास होते. जानेवारी २०२४ मध्ये तिथली गिधाडे ताडोबा आणि पेंचमध्ये आणली गेली. त्यांतले एक पुढे थेट तमिळनाडूपर्यंत गेले. म्हणूनच अभयारण्याची हद्द या पक्ष्याला पुरत नाही. घरट्याभोवतीचा शंभर किलोमीटर त्रिज्येचा टापू औषधमुक्त हवा, असे संवर्धक मानतात. एवढ्या पट्ट्यात गावोगावचे गोठे येतात, औषधांची दुकाने येतात. व्याघ्रप्रकल्प नसलेल्या हिंगोलीसारख्या जिल्ह्याचे महत्त्व इथे आहे.

मग खर्च कोणी सोसायचा? माळढोकचा अनुभव इथे आठवतो. १९७९ साली त्याच्यासाठी सोलापूर-नगर भागात ८,४९६ चौरस किलोमीटरचे अभयारण्य जाहीर झाले. त्यात गावे आणि पिकाऊ जमिनी आल्या, व्यवहार अडले, रोष वाढला. पुढे क्षेत्र सुमारे १,२२२ चौरस किलोमीटरवर आणले गेले. माळढोकही वाढला नाही. लाभ सगळ्यांचा आणि तोशीस थोड्यांची, अशी वाटणी टिकत नाही. गिधाडांसाठी मोठी जमीन द्यावी लागत नाही, हे त्यातल्या त्यात सोपे. पशुवैद्यकीय दवाखान्यात सुरक्षित औषध कायम उपलब्ध असावे, त्याच्या किमतीतला फरक सरकारने सोसावा, दुकानांची तपासणी व्हावी, आणि उपचार चालू असताना मेलेले जनावर उघड्यावर न टाकता पुरण्यासाठी पशुपालकाला मदत मिळावी. हा खर्च अंदाजपत्रकात मांडता येतो.

हिशेबाची एक मर्यादाही ओळखायला हवी. गिधाडाचे मोल कळले ते त्याचे काम बंद पडल्यावर. ज्यांच्या कामाचा अभ्यासच झालेला नाही, असे असंख्य जीव आपल्या शिवारात आहेत. त्यांची किंमत शून्य धरायची की अज्ञात, यावर पुढचे सारे ठरते. शून्य धरणे सोयीचे असते. गिधाडांच्या बाबतीत आपण तेच केले होते.