मार्ता मेसारोश : हरपलेल्या पित्याचा शोध

बर्लिन चित्रपट महोत्सवाचा ‘सुवर्ण अस्वल’ हा सर्वोच्च सन्मान १९७५ साली प्रथमच एका स्त्री-दिग्दर्शकाला लाभला. त्या होत्या हंगेरीच्या मार्ता मेसारोश आणि चित्रपट होता ‘दत्तक’. कारखान्यात राबणारी त्रेचाळीस वर्षांची विधवा काता हिला मूल हवे असते. तिचा विवाहित प्रियकर त्यास राजी नसतो. अनाथगृहातील आन्ना या तरुणीशी तिचा स्नेह जुळतो. आन्नाचा विवाह काता जुळवून देते आणि अखेर स्वतः एक बालक दत्तक घेते. एवढीच कथा, परंतु स्त्रीने आपल्या आयुष्याचा निर्णय स्वतः घ्यावा, हे तीत कोणत्याही घोषणेविना सांगितले आहे.

आई-वडिलांविना वाढलेली मुले मेसारोश यांच्या चित्रपटांत वारंवार भेटतात. त्याचे मूळ त्यांच्या बालपणात आहे. १९३१ साली बुडापेस्ट येथे जन्मलेल्या मार्ता शिल्पकार लास्लो मेसारोश यांच्या कन्या. हे कुटुंब सोव्हिएत संघातील किर्गिझस्तानात स्थायिक झाले. १९३८ साली स्टालिनच्या दमनपर्वात वडिलांना अटक झाली. ते परतले नाहीत. युद्धकाळात आईही निवर्तली. परक्या घरी वाढलेली ही मुलगी १९४६ मध्ये मायदेशी आली आणि पुढे मॉस्कोच्या चित्रपट संस्थेत शिकून १९५६ मध्ये पदवीधर झाली.

त्यानंतर त्यांनी अनेक वर्षे लघु माहितीपट केले. गिरण्या, वसतिगृहे आणि श्रमिक स्त्रिया जवळून न्याहाळण्याची सवय त्यांना तेथेच जडली. १९६८ साली त्यांचा पहिला कथापट आला. त्याची नायिका अनाथगृहात वाढलेली, गिरणीत काम करणारी आणि जन्मदात्रीचा शोध घेणारी तरुणी आहे.

स्वतःच्या पित्याची कथा मात्र पडद्यावर यावयास आणखी बराच काळ लागला. ज्या राजवटीत अशा अटकांविषयी उघड बोलणे अवघड होते, तेथेच त्यांनी ‘माझ्या मुलांसाठी दैनंदिनी’ हा चित्रपट केला. पोरकी यूली पालनकर्त्या माग्दाच्या घरी राहते. माग्दा सत्ताधारी पक्षाची एकनिष्ठ कार्यकर्ती. तिच्या घरी सुखसोयी आहेत, पण यूलीला हवे असलेले सत्य नाही. यूलीचे वडील आणि तिला माया लावणारा यानोश या दोन्ही भूमिका यान नोविकी या एकाच अभिनेत्याने केल्या आहेत. हरपलेला पिता ती कोठे शोधते, हे प्रेक्षकाला त्यातून न सांगता कळते. १९८४ साली कान महोत्सवात परीक्षकांचा विशेष पुरस्कार या चित्रपटास मिळाला. १९८७ व १९९० मध्ये त्याचे पुढील दोन भाग आले.

पिढ्यांचा वारसा केवळ संपत्तीने चालत नाही, तर तो सत्य सांगण्यानेही चालतो. या चित्रपटाच्या नावातील ‘मुलांसाठी’ हा शब्द म्हणूनच अर्थपूर्ण वाटतो.