मास्तर वळायच्या आत

फळ्यावर खडू करकरतोय. मास्तरांची पाठ वर्गाकडे. तिसऱ्या बाकावरचा पोरगा मान जिराफासारखी लांब करून शेजारच्या हुशार मुलीच्या वहीत डोकावतो आणि कोपऱ्यातली हिरवी पट्टी भरत जाते. चाळीस टक्के, साठ, ऐंशी. खडू थांबतो. पोरगा अजून डोकावतोच आहे. मास्तर गर्रकन वळतात, त्यांचे डोळे बशीएवढे होतात, डस्टर भिरभिरत येतं आणि पोराच्या कपाळावर पांढरा चौकोन उमटवून जातं. पडद्यावर अक्षरं येतात: पुन्हा खेळा. हे सगळं कर्जत लोकलमध्ये चाललेलं असेल, तर शेजारचे काकाही एव्हाना मोबाइलमध्ये डोकवायला लागलेले असतात, त्या पोरासारखीच मान लांब करून.

मोबाइलवर अशा खेळांची रांगच लागलेली आहे. कुठे कॉपी करायची असते, कुठे तास चालू असताना डबा संपवायचा, कुठे बाकावर उभं राहून नाचायचं. चित्रं बदलतात, हाडं तीच. मास्तरांची पाठ असेपर्यंत बोट पडद्यावर दाबून धरायचं, ते वळायच्या आत उचलायचं. म्हणजे आपला 'स्टॅच्यू'च की! कोरियातल्या मुलांचा असाच एक खेळ २०२१ मध्ये 'स्क्विड गेम' या मालिकेने जगभर पोहोचवला. तिथे अर्थात डस्टरवर भागत नाही.

या खेळात सारखा पकडला जाणारा माणूस बघत असतो आपल्या पोराकडे. पटाईत खेळाडू बघतो मास्तरांकडे. एवढा एक बदल केला तरी गुणसंख्या वाढते, आणि ती का वाढते हे समजायला डोळ्याच्या मागे आणि फोनच्या आत थोडं शिरावं लागतं.

आधी या घराण्याची थोडी ओळख. नजर चुकवण्याचा खेळ संगणकावर आला तो १९७९ च्या सुमारास. जपानच्या हिरोशी सुझुकी यांनी पीईटी या संगणकासाठी 'मानबिकी शोनेन' लिहिला. नावाचा अर्थ, दुकानातला माल लांबवणारा पोरगा. दुकानदाराच्या नजरेत न येता वस्तू उचलून दाराबाहेर पडायचं, बस्स. पुढे १९८४ मध्ये कोनामी कंपनीचा 'मिकी' आला (उंदराशी काही संबंध नाही) आणि नाणं टाकून खेळायच्या यंत्रात थेट वर्ग भरला. मिकी हा शाळकरी पोरगा. बाकावरच्या मुलांना कमरेने धक्का देऊन बाजूला सारायचं, बदाम गोळा करायचे, चिठ्ठी पुरी करायची, आणि मागे लागलेल्या मास्तरांना चुकवायचं. गंमत अशी की जपानी आवृत्तीत हीच धावपळ शाळेऐवजी कचेरीत चालते आणि मिकीच्या जागी नुकताच नोकरीला लागलेला कारकून आहे. मास्तरांच्या जागी साहेब बसवला तरी खेळाचं काही बिघडलं नाही!

लपण्याला या क्षेत्रात खरी प्रतिष्ठा मिळाली ती १९८७ च्या 'मेटल गिअर'मुळे. ज्या घरगुती संगणकासाठी तो बनत होता, त्याला एका वेळी पडद्यावर फार शत्रू आणि फार गोळ्या झेपत नव्हत्या. मग हिदेओ कोजिमा यांनी लढाईच टाळायचा खेळ रचला. यंत्र अशक्त निघालं म्हणून एक अख्खा खेळप्रकार मार्गाला लागला.

आता मास्तरांकडे वळू. पडद्यावरच्या मास्तरांना 'दिसतं' म्हणजे काय होतं? फोनच्या आत डोळा नसतो, भूमिती असते. मास्तरांच्या नाकाच्या दिशेने एक रेषा, मास्तरांपासून पोरापर्यंत दुसरी रेषा. दोन्हींमधला कोन ठरावीक मापापेक्षा लहान, अंतर ठरावीक हद्दीच्या आत, आणि मध्ये कपाट किंवा भिंत नाही, अशा तिन्ही गोष्टी जुळल्या की पोरगा सापडला. नजरेचा हा आकार शंकूसारखा, टॉर्चच्या झोतासारखा. १९९८ च्या 'थीफ' या खेळात पहारेकऱ्याला एकाऐवजी अनेक शंकू दिले होते: समोरचा तल्लख, कडेचे मंद. त्यामुळे डोळ्याच्या कोपऱ्यात काहीतरी हललं की तो आधी नुसता बुचकळ्यात पडायचा. वर्गातल्या विनोदी खेळांना एवढा थाट परवडत नाही. बहुतेकदा मास्तरांना दोनच अवस्था असतात, पाठमोरे आणि समोर, आणि दोन्हींच्या मध्ये वळण्याची एक छोटीशी हालचाल.

त्या छोट्या हालचालीवर सगळं अवलंबून आहे.

डोळ्यांनी काही पाहून बोट हलवायला धडधाकट माणसाला साधारण २०० ते २५० मिलिसेकंद लागतात, म्हणजे सेकंदाचा पाव भाग. त्यात फोनचा पडदा आणि स्पर्श ओळखणारी यंत्रणा आणखी थोडा वेळ घालतात. कितीही सराव केला तरी या वेळेला तळ आहे. धावण्याच्या मोठ्या शर्यतींत पिस्तुलाच्या आवाजानंतर ०.१ सेकंदाच्या आत जो सुटतो, त्याची सुरुवात चुकीची धरतात, कारण इतक्या लवकर ऐकून पाय हलवणं माणसाच्या आवाक्याबाहेरचं मानलेलं आहे. तेव्हा मास्तरांचं तोंड दिसल्यावर बोट उचलू म्हणणारा आधीच उशिरा निघालेला असतो. पकडायचं असतं ते वळण्याच्या आधीचं काहीतरी.

आणि ते काहीतरी जवळजवळ नेहमी असतं, कारण मास्तरांना एका चित्रकाराने हलवलेलं असतं. डिस्नेचे जुने कलावंत फ्रँक थॉमस आणि ऑली जॉन्स्टन यांनी १९८१ मध्ये आपल्या पुस्तकात चलचित्रांची १२ तत्त्वं मांडली. त्यातलं एक पूर्वसूचनेचं: उडी मारायच्या आधी पात्र गुडघ्यात वाकतं, चेंडू फेकायच्या आधी हात मागे नेतं. हे नसेल तर हालचाल खोटी वाटते. म्हणून पडद्यावरचे मास्तरही नुसते वळत नाहीत. आधी खडू थबकतो, खांदा उचलला जातो, कान टवकारतात, टकलावर एखादं प्रश्नचिन्ह उगवतं. सेकंदाला ६० चित्रं दाखवणाऱ्या फोनवर एक चित्र साधारण १६.७ मिलिसेकंद टिकतं. खांद्याची हालचाल १२ चित्रं चालली तर २०० मिलिसेकंद हातात आले, म्हणजे जवळजवळ माणसाचा सगळा प्रतिसादकाळ वसूल.

ही पूर्वसूचना ओळखण्यासाठी पहिले दहा डाव हरण्याकरताच खेळावेत. पोराला हलवायचंच नाही. मास्तर वळायच्या आधी शरीराचा कोणता भाग पहिल्यांदा हलतो तेवढं पाहायचं. मग दोनतीनदा मुद्दाम बोट उशिरा उचलून पाहायचं, की वळल्या वळल्या पकडतात की क्षणभर दया दाखवतात. ही दया पुष्कळ खेळांत खरोखर लिहिलेली असते, नाहीतर खेळाडू चिडून खेळ फोनमधून काढून टाकेल. ती किती हे मात्र ज्याने त्याने मोजून घ्यायचं.

नजर मास्तरांवरच का रोखायची, याला शरीरशास्त्रात उत्तर आहे. डोळ्याला अगदी स्पष्ट दिसतं ते मधल्या जेमतेम दोन अंशांत, हात ताठ धरल्यावर अंगठ्याचं नख जेवढं दिसतं तेवढ्यात. फोन ३० सेंटिमीटरवर धरला तर पडद्यावर ही जागा एक सेंटिमीटरच्या आसपास भरते. बाकी सगळं धूसर. कडेच्या दृष्टीला हालचाल छान कळते, पण विनोदी खेळात हालचालींचा बाजार भरलेला असतो: कोणी नाकात बोट घालतोय, कोणी डुलक्या काढतोय, खिडकीत कावळा. डॅनियल सायमन्स आणि ख्रिस्तोफर शाब्री यांच्या १९९९ मधल्या प्रयोगात चेंडू किती वेळा फेकला हे मोजायला बसलेल्या प्रेक्षकांपैकी सुमारे निम्म्यांना मधून चालत गेलेला गोरिला दिसलाच नव्हता. खेळ लिहिणाऱ्यांनी वर्गात असे गोरिले मुद्दाम सोडलेले असतात. तेव्हा तो एक सेंटिमीटर मास्तरांच्या खांद्यावर ठेवावा आणि आपल्या पोराचं काम मोजणीवर सोपवावं.

कानही वापरावा. आवाजाला दिलेला प्रतिसाद दृश्यापेक्षा थोडा आधी येतो, त्यामुळे खडू थांबल्याचं कानाला आधी कळू शकतं. फक्त ब्लूटूथचे इअरफोन काढून ठेवा. त्यांच्यातून आवाज कधीकधी दीडदोनशे मिलिसेकंद उशिरा पोहोचतो, म्हणजे कमावलेलं सगळं गेलं आणि वर उधारी. दहा वर्षांपूर्वीचा वायरवाला इअरफोन ड्रॉवरमध्ये गुंता होऊन पडला असेल, तर त्याचे दिवस परत आले म्हणायचे.

मोजणीचा हिशेब जरा खोलात जाऊन पाहण्यासारखा आहे. समजा, मास्तर कमीत कमी दोन आणि जास्तीत जास्त पाच सेकंद पाठमोरे राहतात, आणि या तीन सेकंदांच्या पट्ट्यात कुठेही वळण्याची शक्यता सारखीच आहे. पहिली दोन सेकंदं निव्वळ फुकट. दोन सेकंदं संपली की पुढच्या अर्ध्या सेकंदात ते वळण्याची शक्यता सहात एक, फाशावर एक पडावा इतकी. साडेतीन सेकंदं उलटली तर तोच अर्धा सेकंद तिनात एकावर येतो. साडेचारला पोहोचलात तर वळणं ठरलेलंच. धोका सेकंदागणिक सारखा राहत नाही, चढत जातो, आणि शेवटी अगदी उभा चढतो. 'एवढा वेळ वळले नाहीत, म्हणजे अजून वळणार नाहीत' असं मनाला वाटायला लागतं ते नेमकं याच वेळी. मनातल्या मनात आकडे मोजणं म्हणूनच भाबडं असलं तरी उपयोगी. सेकंदाहून मोठा वेळ अंदाजाने ओळखण्यापेक्षा मोजून ओळखला की चूक कमी होते. ठेका धरायला टाळ्यांची सवय असलेली भजनी मंडळी यात बाजी मारतील.

मग थांबायचं कधी? 'पिग' नावाचा फाशांचा साधा खेळ आहे. फासा टाकत राहायचं, पडतील ते गुण साठवायचे. एक पडला की त्या पाळीचे सगळे गुण पाण्यात. सरासरीचं गणित सांगतं की पाळीत २० गुण साठले की फासा खाली ठेवावा. एकदा फासा टाकून मिळू शकणाऱ्या गुणांपेक्षा जाऊ शकणारे गुण तिथून पुढे जास्त भरतात. वर्गातही तसंच: पट्टी रिकामी असताना धीट व्हा, गमावायला काही नाही, पट्टी भरत आली की भित्रे व्हा. माणूस करतो उलटं. अमेरिकन मानसशास्त्रज्ञ क्लार्क हल यांनी १९३० च्या दशकात दाखवलं की बोळातून खाऊकडे पळणारा उंदीर खाऊ जवळ येईल तसा वेग वाढवतो. नव्वद टक्के भरलेली हिरवी पट्टी हा आपला खाऊ, आणि बोट पडद्याला चिकटून बसतं ते तिथेच. उरलेले दहा टक्के पुढच्या पाठमोऱ्या फेरीला ठेवण्याचा कंटाळा नसावा.

अर्धा तास झाला की फोन खाली ठेवावा, हे आईसुद्धा सांगते. पण तिच्या बाजूने नॉर्मन मॅकवर्थही उभे आहेत. दुसऱ्या महायुद्धात रडारच्या पडद्याकडे तासन्तास टक लावणाऱ्या ब्रिटिश जवानांच्या नजरेतून ठिपके का निसटतात, हे शोधायला त्यांनी एक घड्याळ बनवलं. काटा टकटक पुढे जायचा आणि क्वचित एकदम दोन घरं उडी मारायचा. ती उडी ओळखायची. १९४८ मध्ये छापून आलेला निष्कर्ष असा की पहिल्या अर्ध्या तासातच नजर ढिली पडते. मास्तरांचा खांदा हा त्या काट्याचाच विनोदी अवतार.

हसण्याचं काय, तर ते महागात पडतं. रॉबर्ट प्रोव्हाइन या संशोधकाच्या पाहणीनुसार माणूस एकटा असतानापेक्षा चारचौघांत सुमारे ३० पट जास्त हसतो. मित्रांच्या घोळक्यात उच्चांक मोडायला बसू नये. मजा मात्र घोळक्यातच येते, हेही खरं. (आणि हा सगळा अभ्यास पडद्यापुरताच. बाहेर परीक्षेत कॉपी सापडली तर 'पुन्हा खेळा' येत नाही, महाराष्ट्राचा १९८२ चा कायदा येतो.)

खऱ्या वर्गातले मास्तर या भूमितीत बसत नाहीत. जेकब कूनिन या अमेरिकन संशोधकाने वर्गांच्या चित्रफिती पाहून १९७० मध्ये लिहिलं की ज्यांचा वर्ग शांत चालतो, त्या शिक्षकांमध्ये एक गुण ठळक दिसतो: वर्गात कुठे काय चाललंय हे आपल्याला कळतंय, असं ते मुलांना सतत जाणवून देतात. त्याच वर्षी रेमंड अॅडम्स आणि ब्रूस बिडल यांच्या पाहणीत दिसलं की शिक्षकांचं लक्ष आणि प्रश्न पुढच्या आणि मधल्या बाकांकडे जास्त वळतात. मागचा बाक मुलं का पकडतात ते यात आलंच. तरीही फळ्याकडे तोंड करून लिहिणाऱ्या बाई न वळताच 'मागून दुसरा बाक, उभे राहा' म्हणतात, हे शाळेत गेलेल्या कुणालाही ठाऊक आहे. त्यांना शंकू लागत नाही. खिडकीच्या काचेत अर्धा वर्ग दिसत असतो. आणि एखादा डबा उघडला की आजूबाजूचे चार बाक एकदम गप्प होतात. ती शांतता त्यांच्या कानाला खडूच्या करकरीतूनही ऐकू येते.