गणवेशातला युद्धविरोधक

१८२१ साली कन्हानच्या काठी इंग्रजांनी छावणी वसवली आणि कामठी लष्कराचं गाव झालं. आजही गार्ड्‌स रेजिमेंटचं केंद्र इथेच आहे, एनसीसी अधिकाऱ्यांची प्रशिक्षण अकादमीही इथेच. गणवेशातला माणूस कसा उभा राहतो, हुकूम कुठल्या आवाजात देतो, हे कामठीच्या पोरासोरांनाही कळतं. म्हणून पॅट्रिक बारचं काम इथल्या प्रेक्षकाने मुद्दाम पाहावं. पन्नाशीच्या दशकातल्या ब्रिटिश चित्रपटांत त्याने एकाहून एक पटण्याजोगे अधिकारी उभे केले. आणि हा नट जन्माने आपल्या वऱ्हाडातला.

१३ फेब्रुवारी १९०८ रोजी अकोल्यात त्याचा जन्म झाला. निजामाच्या वऱ्हाडाचा कारभार इंग्रजांच्या हाती येऊन तेव्हा अर्धशतक उलटलं होतं. कापूस आणि रेल्वे यांमुळे अकोल्याची भरभराट झाली होती. महाराष्ट्राच्या मातीत जन्मून विलायती पडद्यावर गेलेला तो एकटाच नव्हे. टोरिन थॅचर १९०५ साली मुंबईत जन्मला, स्पाइक मिलिगन १९१८ साली अहमदनगरला. मिलिगनबद्दल आपल्याकडे थोडंफार लिहिलं-बोललं जातं. बारचं नाव मात्र अकोल्यातही क्वचितच कुणी घेतं.

शिक्षण इंग्लंडात झालं, आधी रॅडली शाळेत, मग ऑक्सफर्डच्या ट्रिनिटी कॉलेजात. १९२९ साली टेम्स नदीवरच्या ऑक्सफर्ड-केंब्रिज नौकाशर्यतीत तो ऑक्सफर्डच्या नावेत होता. शर्यत केंब्रिजने सात नावांच्या लांबीने मारली. पण वल्ही मारून कमावलेले रुंद खांदे आणि ताठ कणा पुढे कॅमेऱ्यासमोर त्याच्या चांगलेच कामी आले. १९३२ साली तो चित्रपटांत आला आणि दशकभर लहानमोठ्या भूमिका करत राहिला.

मग दुसरं महायुद्ध पेटलं. लष्करभरती सक्तीची झाली. बारने बंदूक हाती घ्यायला नकार दिला. सद्सद्विवेकाला स्मरून लष्करी सेवा नाकारण्याची सोय ब्रिटिश कायद्यात होती, पण समाजाच्या नजरेत तो भेकडपणाच ठरे. बार घरी बसला नाही. लंडनच्या ईस्ट एंड भागावर जर्मन बॉम्ब पडत असताना तो तिथल्या लोकांच्या मदतीला धावला. पुढे क्वेकर पंथीयांच्या फ्रेंड्‌स अँब्युलन्स युनिटमधून आफ्रिकेत गेला. नि:शस्त्र राहून जखमींची सेवा करायलाही छातीच लागते.

शांततेच्या काळात याच माणसाला गणवेश चढवावा लागला, तोही पुन:पुन्हा. १९५२ साली डिस्नेच्या 'रॉबिन हूड'मध्ये तो राजा रिचर्ड झाला. रॉबिन होता रिचर्ड टॉड. 'द लॅव्हेंडर हिल मॉब'मध्ये पोलिस अधिकारी, 'सिंगल-हँडेड'मध्ये नौदलाचा. १९५५ साली आला 'द डॅम बस्टर्स'. जर्मनीची धरणं फोडण्यासाठी पाण्यावरून टप्पे घेत जाणारा बॉम्ब बनवणारा बार्न्स वॉलिस त्यात मायकेल रेडग्रेव्हने रंगवला आहे. वॉलिस कचेऱ्यांचे उंबरठे झिजवतो आणि जिथे तिथे नकार पदरी घेतो. त्याच्या पाठीशी उभा राहतो तो चाचणी वैमानिक 'मट' समर्स, म्हणजे बार. हा समर्स खराखुरा; स्पिटफायरचं पहिलं उड्डाण १९३६ साली त्यानेच केलं होतं. बारने या भूमिकेत मर्दुमकीचा आव कुठेही आणलेला नाही. तो फक्त एका हैराण मित्राला धीर देतो. त्या खऱ्या मोहिमेत १३३ पैकी ५३ वैमानिक आणि त्यांचे साथीदार मारले गेले. चित्रपटाच्या शेवटी विजयाचा जल्लोष नाही, ही गोष्ट बारसारख्याला नक्कीच रुचली असणार.

१९६२ च्या 'द लाँगेस्ट डे'मधली त्याची भूमिका मला सर्वांत सरस वाटते. नॉर्मंडीवरची चढाई ५ जून १९४४ ला ठरली होती. वादळामुळे ती लांबली. हवामानतज्ज्ञ ग्रुप कॅप्टन स्टॅग, म्हणजे बार, सेनापतींपुढे अंदाज मांडतो. लाखो जीव त्या अंदाजावर टांगलेले असताना बार हातवारे करत नाही, आवाज चढवत नाही. जेवढं खात्रीने सांगता येतं तेवढंच सांगतो. ताऱ्यांनी खच्चून भरलेल्या त्या चित्रपटात अशी लहान भूमिका लक्षात राहणं सोपं नाही.

पुढे दूरचित्रवाणीने त्याला भरपूर काम दिलं. १९६७ साली 'डॉक्टर हू'च्या 'द मूनबेस' या कथेत तो चंद्रावरच्या तळाचा प्रमुख हॉब्सन होता. पृथ्वीचं हवामान ताब्यात ठेवणारं यंत्र त्याच्या हाती! या कथेच्या चार भागांपैकी दुसरा आणि चौथा एवढेच आज शिल्लक आहेत.

१९८३ च्या 'ऑक्टोपसी' या बाँडपटात तो पूर्व बर्लिनमधला ब्रिटिश राजदूत आहे. विदूषकाच्या वेषातला जखमी हेर काच फोडून त्याच्या घरात कोसळतो आणि हातातलं रत्नजडित अंडं घरंगळतं. चित्रपटाचा मोठा भाग उदयपुरात घडतो, कबीर बेदी आणि विजय अमृतराज त्यात आहेत. बारचा प्रसंग मात्र युरोपातच संपतो. २९ ऑगस्ट १९८५ रोजी, वयाच्या ७७ व्या वर्षी, लंडनमध्ये त्याचं निधन झालं.

अकोला-नागपूरकडच्या चित्रपट मंडळांनी 'द डॅम बस्टर्स' एकदा जरूर दाखवावा, आणि श्रेयनामावलीत पॅट्रिक बार हे नाव येताच हा नट अकोल्याचा, हे प्रेक्षकांना आवर्जून सांगावं.