फुगलेली शीर, शस्त्रक्रियेची घाई
वयात येणाऱ्या मुलांपैकी साधारण १५ टक्क्यांच्या वृषणावरच्या शिरा फुगतात, हेच व्हेरिकोसील. बहुतेकदा डावीकडे, कारण तिकडची शीर मूत्रपिंडाच्या शिरेला काटकोनात मिळते आणि रक्त मागे तुंबते. पुढे मूल होणार नाही या धास्तीने पालक (मुलगा लाजेने गप्पच असतो) शस्त्रक्रियेची घाई करतात. धास्ती निराधार नाही. वंध्यत्वाच्या तपासणीला येणाऱ्या पुरुषांत हा दोष जास्त आढळतो. पण तो असलेले बहुसंख्य पुरुष उपचाराविना बाप होतात. म्हणून आधी दरवर्षी वृषणांचे आकारमान मोजावे. २० टक्क्यांहून अधिक फरक टिकला किंवा दुखणे थांबेना, तर शस्त्रक्रियेचा विचार करावा. फक्त उजवीकडे फुगलेली किंवा आडवे झाल्यावरही न ओसरणारी शीर मात्र थांबू देत नाही: पोटातली गाठ तिला दाबत असू शकते, म्हणून सोनोग्राफी लगेच हवी.