कुलूप विक्रेत्याचे, जोखीम गिऱ्हाइकाची

कॉम्प्युटरला लावलेल्या बोटभर डोंगलचे काम मोजकेच असते: सॉफ्टवेअरने विचारलेल्या प्रश्नाला बरोबर उत्तर द्यायचे. उत्तर मिळाले नाही तर सॉफ्टवेअर चालत नाही. मराठी डीटीपीवाल्यांच्या परिचयाचे हे ‘लॉक’ पूर्वी प्रिंटरच्या पॅरलल पोर्टला लागे, पुढे यूएसबीला लागू लागले. ते हरवेल किंवा जळेल, एवढीच धास्ती सहसा असते. खरा धोका मात्र त्याच्यासाठी बसवाव्या लागणाऱ्या ड्रायव्हरमध्ये आणि लायसन्स सर्व्हिसमध्ये असतो.

जानेवारी 2018 मध्ये कॅस्परस्की या सुरक्षा कंपनीच्या संशोधकांनी ‘सेंटिनेल’ या प्रचलित डोंगलच्या सॉफ्टवेअरमधल्या 14 त्रुटी जाहीर केल्या. ड्रायव्हर बसवताच विंडोजच्या फायरवॉलमध्ये 1947 क्रमांकाचा पोर्ट खुला होई आणि डोंगल काढून घेतल्यावरही तो खुलाच राही. त्यामागची सर्व्हिस सर्वोच्च अधिकारांनिशी चाले. म्हणजे ती ताब्यात आली की सगळा कॉम्प्युटर हातात. सप्टेंबर 2020 मध्ये क्लॅरोटी या कंपनीने ‘कोडमीटर’ या लायसन्स मॅनेजरमधल्या सहा त्रुटी उघड केल्या. त्यांतल्या एकीला गांभीर्याच्या मापनात 10 पैकी 10 गुण मिळाले. सीमेन्स, रॉकवेल यांसारख्यांची औद्योगिक सॉफ्टवेअर कोडमीटरवर विसंबून असल्याने एका त्रुटीची झळ अनेक कारखान्यांपर्यंत पोचू शकत होती.

यावर पहिला आक्षेप येतो, तो ‘आमचे मशीन इंटरनेटला जोडलेलेच नाही’ हा. पण ते कार्यालयाच्या नेटवर्कवर असते, त्यात पेनड्राइव्ह लागतात, दुरुस्तीवाल्याचा लॅपटॉपही जोडला जातो. शिवाय जुन्या डोंगलचा ड्रायव्हर नव्या विंडोजवर चालत नसेल, तर 14 जानेवारी 2020 रोजी नियमित सुरक्षा अपडेट थांबलेले विंडोज 7 तसेच वापरत राहावे लागते. लॉक नकोसे झालेले काहीजण अनोळखी ठिकाणाहून डोंगलची नक्कल करणारा ‘एम्युलेटर’ उतरवतात. म्हणजे अज्ञात माणसाचा ड्रायव्हर स्वतःच्या हाताने आत घेतात. दुसरा आक्षेप चोरीचा: लॉक नसेल तर सॉफ्टवेअरची चोरी होईल. तो रास्त आहे; पायरसीने लहान कंपन्या बुडू शकतात. पण लॉकमुळे बचाव विक्रेत्याचा होतो आणि त्यासाठीची जोखीम पैसे मोजलेल्या गिऱ्हाइकावर पडते, हा व्यवहार एकतर्फी आहे. ऑनलाइन लायसन्सनेही तो समतोल होत नाही. कंपनीचा सर्व्हर बंद पडला की विकत घेतलेले सॉफ्टवेअरही अडकू शकते.

म्हणून लायसन्स मॅनेजरही इतर सॉफ्टवेअरसारखाच अपडेट करावा, गरज नसेल तिथे त्याचा पोर्ट बंद ठेवावा आणि खरेदीच्या करारातच एक अट घालून घ्यावी: कंपनीने सपोर्ट थांबवला, तर डोंगलशिवाय चालणारी आवृत्ती तिनेच द्यायची.